बोलायला वेळ कुणाला?

१ मे १९८७ च्या रात्री ब्रिटनच्या ‘चॅनेल फोर’वर ‘आफ्टर डार्क’ या चर्चेच्या कार्यक्रमाचा पहिला भाग झाला. विषय होता गुपिते. ऑस्ट्रियातल्या ‘क्लब २’ या कार्यक्रमावरून घेतलेली ही कल्पना. थेट प्रक्षेपण, समोर टाळ्या वाजवणारा प्रेक्षक नाही आणि चर्चा कधी संपवायची याची वेळ ठरलेली नाही!

सूत्रधार टोनी विल्सन. पाहुण्यांत वर्णभेदविरोधी चळवळीतले पीटर हेन होते, तसे परंपरावादी पत्रकार टी. ई. अटलीही होते. संरक्षण खात्यातले माजी अधिकारी क्लाइव्ह पाँटिंग होते. ‘बेलग्रानो’ युद्धनौका बुडवल्याची कागदपत्रे खासदाराला दिली म्हणून त्यांच्यावर खटला झाला आणि १९८५ साली ज्यूरीने त्यांना निर्दोष ठरवले. आणि होते कॉलिन वॉलेस. उत्तर आयर्लंडमधल्या लष्करी अपप्रचाराविषयी बोलणारा हा माणूस मनुष्यवधाची शिक्षा भोगून १९८६ च्या अखेरीस सुटला होता. ही दोषसिद्धी रद्द झाली ती १९९६ साली. म्हणजे त्या रात्री कायद्याच्या लेखी ते गुन्हेगारच होते.

या भागाचे मोल इथे आहे. प्रस्थापिताला अर्धे मिनिट पुरते, कारण त्याचे अर्धे म्हणणे ऐकणाऱ्याला आधीच मान्य असते. ज्याच्यावर शिक्का बसला आहे त्याला मात्र आधी तो शिक्का पुसावा लागतो, मग पार्श्वभूमी सांगावी लागते, आणि मूळ मुद्दा त्यानंतर येतो. अशा माणसाला ‘थोडक्यात सांगा’ म्हणणे म्हणजे ‘गप्प बसा’ असेच म्हणणे होय. घड्याळ निःपक्षपाती नसते.

पण एवढ्यावर भाळून जाण्याचे कारण नाही. खुर्च्या कुणाला द्यायच्या हे निर्माते ठरवीत होते. शिवाय पहाटे कामावर जाणाऱ्या कष्टकऱ्याने मध्यरात्रीनंतरची चर्चा ऐकायची केव्हा? मोकळेपणा मिळाला, पण बहुसंख्य झोपलेले असताना. नियमित मालिकाही १९९१ साली थांबली.

तरीही प्रश्न उरतोच, आणि तो आपल्यालाही लागू आहे. आपल्या परिसंवादांत ‘वेळ संपली’ ही अध्यक्षांची चिठ्ठी सर्वांत आधी कुणाच्या हाती पडते? नामवंत वक्त्याच्या, की पहिल्यांदाच व्यासपीठावर आलेल्या पोराच्या? विचारस्वातंत्र्याच्या घोषणा देण्याआधी एवढे तरी तपासून पाहू या.