खोडावर लायकेन दिसलं, म्हणजे हवा शुद्ध?

वडिवळे धरणाच्या बाजूला आंब्याच्या खोडांवर राखाडी-पांढरे डाग दिसतात. कुणाला तो चुना वाटतो, कुणाला झाडाचा रोग. दोन्ही नाही. हे खोडाला घट्ट चिकटलेलं लायकेन, म्हणजे बुरशी आणि शैवाल यांचा एकत्र संसार. मसाल्यातलं दगडफूलही लायकेनच, पण ते सोलून निघतं, हे निघत नाही. डागावर शाईने गिरगटल्यासारख्या काळ्या रेषा असतील, तर ते बहुधा ग्राफिस. नखाने हलकं खरवडा, नारिंगी झाक दिसेल. ती त्यातल्या शैवालाची.

आता मुद्द्याचं. निसर्गभ्रमंतीत एक वाक्य हमखास ऐकू येतं : 'लायकेन आहे, म्हणजे हवा शुद्ध.' माझ्या पीएचडीच्या आराखड्याची सुरुवातही याच वाक्याने होती. गाइडनी शेजारी फक्त 'कुठलं लायकेन?' असं लिहून कागद परत दिला.

वाक्याचा उगम जुना आहे. १८६६ साली निलँडर यांनी पॅरिसच्या लक्झेंबर्ग बागेतल्या लायकेनांवरून हवेचा अंदाज बांधला. १९७० मध्ये हॉक्सवर्थ आणि रोज यांनी इंग्लंड-वेल्ससाठी ० ते १० अशी मोजपट्टी दिली. गंमत बघा, तिच्या खराब हवेच्या पायऱ्यांवरही एक लायकेन आहेच : लेकॅनोरा कोनिझिऑइडिस, असंच खोडाला चिकटणारं. पुढे सल्फर डायऑक्साइड घटला, तसं तेच दुर्मीळ होत गेलं!

म्हणजे वाक्य अर्धवट आहे. दाढीसारखी लोंबणारी लायकेनं या वायूला लवकर बळी पडतात; चिकटणारी त्यामानाने चिवट. शिवाय ती पट्टी सल्फर डायऑक्साइडची आणि तिकडच्या झाडांची. मावळात एक्सप्रेसवे आहे, म्हणजे प्रश्न धुळीचा आणि नायट्रोजनच्या ऑक्साइडांचाही. काही लायकेनं तर जास्त नायट्रोजनवर फोफावतात. पट्टी जशीच्या तशी इथे कशी चालेल?

मग काय करायचं? एकाच जातीची झाडं, खोडावर तीच उंची, रस्त्यापासूनचं अंतर, आणि 'आहे-नाही' ऐवजी 'कुठल्या जाती, किती'. तेच दरवर्षी पुन्हा. काम कंटाळवाणं आहे, मान्य. पण उद्या एखाद्या अहवालात 'लायकेन आढळले, हवा उत्तम' असं छापून आलं, तर यंत्राने होणारी मोजणीही टळेल. आणि श्वास तर तिथल्या लोकांनाच घ्यायचाय.

गाइडचा तो प्रश्न आता माझ्या प्रकरणाचं शीर्षक आहे.