तोतया व्हर्मीर आणि पारखी डोळे

बनावट चित्रांचा विषय निघाला की आपण हसतो : बघा, एवढे मोठे तज्ज्ञ, आणि फसले! आज आपण जरा थांबून ते नेमके कशाला फसले, ते बघू.

१९३७ साली अब्राहम ब्रेडियस यांच्यासमोर एक चित्र आलं. वय ८२, डच चित्रकलेत त्यांचा शब्द म्हणजे अखेरचा शब्द. चित्रात येशू भाकरी मोडतोय, जवळ दोन शिष्य, एक वाढणारी बाई, डावीकडून उजेड. ब्रेडियस यांनी निर्वाळा दिला : हा व्हर्मीर, आणि त्याची श्रेष्ठ कलाकृती! रॉटरडॅमच्या बॉयमन्स संग्रहालयाने ते पाच लाखांहून अधिक गिल्डरना घेतलं.

ते काढलं होतं हान व्हान मेगेरेन यांनी, नुकतंच. सतराव्या शतकातला कॅनव्हास, व्हर्मीरच्या काळातली रंगद्रव्यं, त्यात बेकलाइटच्या जातीची कृत्रिम राळ, आणि मग भट्टी. तैलरंग पुरता टणक व्हायला कित्येक वर्षं जातात. हा भट्टीतूनच टणक निघाला.

पण ही झाली कारागिरी. खरी हुशारी विषयात आहे. तरुण व्हर्मीरने इटालियन वळणाची धार्मिक चित्रं आणखी केली असावीत, असा अभ्यासकांचा कयास होता, पुरावा तुटपुंजा. मेगेरेन यांनी ती रिकामी जागा भरून दिली. म्हणजे बघा, जाणकारांना त्यांचाच सिद्धांत चौकटीत बसवून मिळाला. आपलं म्हणणं खरं ठरतंय म्हटल्यावर कोण उलटतपासणी करतो?

आज ते चेहरे पाहा. जड पापण्या, ओढलेले गाल. व्हर्मीरचा निवांत उजेड कुठंय? हे चेहरे १९३०च्या दशकातले वाटतात. तेव्हा ते खटकलं नाही, कारण पाहणारेही त्याच दशकातले होते. आपल्या घराचा वास आपल्याला येत नाही, तसंच.

१९४५मध्ये मेगेरेन यांना अटक झाली, ती वेगळ्याच कारणाने : त्यांच्या हातून गेलेला एक ‘व्हर्मीर’ गोअरिंगकडे सापडला होता. शत्रूशी हातमिळवणीचा आरोप टाळायला त्यांनी कबूल केलं, ही माझीच कामं. तर लोकांना ते पटेना! शेवटी पहाऱ्यात बसून आणखी एक चित्र काढून दाखवावं लागलं.

आम्हाला बोचतं ते वेगळंच. हे दोष आम्हीही नाव कळल्यावरच दाखवतोय. पाटी वाचायच्या आधी आम्ही काय म्हटलं असतं? ब्रेडियसना हसण्याआधी एवढं स्वतःला विचारू या.