कुत्र्याच्या सोंगातला पोर

दिवाळीच्या सुटीत भाचरे घरी जमली होती. त्यांना हसवावे म्हणून यासुजिरो ओझूंचा ‘उकिगुसा मोनोगातारी’ (१९३४) लावला. मूकपट, तोही जपानी! पण रंगमंचावर कुत्र्याचे सोंग घेतलेला पोर दिसताच भाषेची अडचण उरलीच नाही.

जपानात बोलपट १९३१ मध्येच आला होता. ओझू मात्र मूकपटालाच धरून राहिले, आणि या चित्रपटात त्याचे उणेपण कोठे जाणवत नाही.

फिरत्या नाटकमंडळीचा मालक किहाची एका गावी उतरतो. तेथे त्याची जुनी प्रेयसी आहे, आणि तिच्यापासून झालेला तरुण मुलगा शिनकिची. बाप वारला, असे त्या मुलाला सांगितलेले. किहाची त्याचा नुसता ‘काका’. नटाचा मुलगा म्हणून कुणी हिणवू नये, पोराने शिकून मोठे व्हावे, यासाठी हे खोटे वर्षानुवर्षे जपलेले. पुढे पाऊस झोडपतो, छप्पर गळते, खेळ बंद पडतो. मंडळीतल्या नटीचा मत्सर येतो तो मला जरा ठरावीक वाटला.

पण तो पोर, तोमिबो! हे काम करणारा तोमिओ आओकी तेव्हा अकराएक वर्षांचा होता. ओझूंच्याच ‘तोक्कान कोझो’त (१९२९) त्याने पळवणाऱ्यांनाच जेरीस आणणारा मुलगा रंगवला होता, आणि त्या चित्रपटाचे नावच पुढे त्याला चिकटले. इथेही तो हुकमी हशा घेतो. समीक्षक याला करुणकथेतला विसावा म्हणतील. मला तसे वाटत नाही. स्वतःच्या मुलावर या धंद्याची सावलीही पडू नये म्हणून धडपडणारा किहाची दुसऱ्याच्या मुलाला कुत्र्याचे कातडे घालून खुशाल रंगमंचावर सोडतो. शिनकिचीच्या हाती पुस्तक, तोमिबोच्या अंगावर शेपूट! ओझू याविषयी चकार शब्द काढत नाहीत. किहाचीला दुष्टही ठरवत नाहीत. ताकेशी साकामोतोने त्याला इतका लोभस केला आहे की आपणही त्याच्या बाजूने बसून हसतो. हसून झाल्यावर मात्र थोडे चुकल्यासारखे होते.

बापलेक नदीत उभे राहून एका लयीत गळ टाकतात, ते दृश्य आले तेव्हा मोठी माणसे गप्प झाली. धाकट्या भाचीने मात्र विचारले, “मामा, तो कुत्रा झालेला मुलगा शाळेत कधी जातो?”

मी तिच्या हातात चकली दिली.