मुंबई योजनेतील नियंत्रणविचार

संमिश्र अर्थव्यवस्थेची चर्चा निघाली की १९४४ च्या मुंबई योजनेचा दाखला दिला जातो, आणि तो दोन्ही पक्ष देतात. उद्योगपतींनीच शासनाचा हस्तक्षेप मागितला होता, असे नियोजनाचे समर्थक सांगतात. ती केवळ समाजवादाची झूल होती, असे टीकाकार म्हणतात. पुरुषोत्तमदास ठाकुरदास, जे. आर. डी. टाटा, घनश्यामदास बिर्ला, जॉन मथाई आदी आठ जणांच्या या योजनेकडे हेतूंच्या अंगाने पाहण्याची सवय इतकी जडली आहे, की तिच्यातील हिशेब फारसा कोणी वाचीत नाही.

पंधरा वर्षांत १०,००० कोटी रुपये खर्चून दरडोई उत्पन्न दुप्पट करावयाचे होते. पैकी ३,४०० कोटी, म्हणजे एकतृतीयांशाहून थोडी अधिक रक्कम, नवनिर्मित चलनातून यावयाची होती. युद्धकालीन महागाई आणि १९४३ चा बंगालचा दुष्काळ डोळ्यांसमोर असता हा मार्ग सुचवावा, हे धाडसच म्हटले पाहिजे. माल बाजारात येण्यापूर्वी पैसा हाती पडला तर भाव चढतील व त्याचा भार विषम पडेल, हे लेखकांस कळत होते. म्हणूनच योजनाकाळात आर्थिक जीवनाच्या बहुतेक सर्व अंगांवर कडक नियंत्रण त्यांनी पत्करले. उद्योगस्वातंत्र्यास काही काळ ग्रहण लागेल, हेही मान्य केले. तेव्हा हे नियंत्रण तत्त्वज्ञानातून आलेले नव्हे; भांडवल उभारण्याच्या एका विशिष्ट पद्धतीची ती किंमत होय.

दुसऱ्या भागात मालकी, व्यवस्थापन आणि नियंत्रण यांत केलेला भेद हा योजनेचा सर्वांत मोलाचा विचार. मालकी शासनाची असावी की नाही, यापेक्षा नियंत्रणाचा प्रश्न तेथे महत्त्वाचा मानला आहे. पण ते कोणत्या कसोटीवर उठवावे, याचा विचार अपुरा राहिला, आणि ‘तात्पुरते’ हा शब्द निराधार झाला.

१९५१ च्या उद्योग (विकास व नियमन) अधिनियमातील परवानापद्धती या योजनेतूनच निघाली, असे म्हणणे अतिव्याप्त होईल. तेथे नियंत्रणाचे कारणच बदलले: भाववाढीचा आधार मागे पडून अपुऱ्या भांडवलाच्या वाटपाचा आधार आला. असे कारण आपोआप संपत नाही. परवाने बव्हंशी रद्द होण्यास १९९१ साल उजाडावे लागले.

योजनेचे एक स्वाक्षरीकर्ते ए. डी. श्रॉफ यांनी १९५६ साली मुक्त उद्योगाच्या पुरस्कारार्थ ‘फोरम ऑफ फ्री एंटरप्राइझ’ स्थापन केला, यास सहसा मतपरिवर्तन म्हटले जाते. मुदतीचे नियंत्रण मान्य करणाऱ्याने बेमुदत नियंत्रणास विरोध केला, एवढाच अर्थ योजनेच्या संहितेवरून निघतो.