नैसर्गिक म्हणू नका : वीरा साथीदार आणि 'कोर्ट'

चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' २०१४ साली व्हेनिसच्या महोत्सवात बक्षिसं घेऊन आला. पुढं त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ऑस्करला भारताकडून तोच गेला. त्यातल्या वीरा साथीदारांच्या कामाचा विषय निघाला की पांढरपेशा रसिक हमखास म्हणतो, काय नैसर्गिक आहे! नट नव्हताच तो, होता तसा उभा राहिला.

दोस्तहो, माझा आक्षेप या शब्दावर आहे. सूतगिरणीत तुटलेला धागा सांधणारे हात पाहूनही हा रसिक नैसर्गिकच म्हणेल. त्या हातामागची वर्षं त्याला दिसत नाहीत. त्यांची ती साधना, आपलं ते उपजत!

वीरा साथीदार नागपूरचे. आंबेडकरी कार्यकर्ते, 'विद्रोही'चे संपादक. 'कोर्ट'मध्ये ते नारायण कांबळे हा म्हातारा लोकशाहीर झाले. गाणी संभाजी भगतांची. वासुदेव पवार नावाचा गटार कामगार मॅनहोलमध्ये मरतो, आणि पोलीस म्हणतात, कांबळेच्या गाण्यामुळं त्यानं आत्महत्या केली. सगळा खटला एवढ्यावर उभा.

आता काम पाहा. स्टेजवर कांबळेचा गळा खुला आहे, अंगात ताल आहे, समोरची वस्ती त्याच्या ताब्यात आहे. तोच माणूस कोर्टात आवाज खाली आणतो. विचारलं तेवढंच सांगतो. दयेची भीक नाही, डायलॉगबाजी नाही. आपल्या वडनेरची पोरं म्हणतात, हा कांबळे कोर्टात बोंबलत कायले नाही? राजेहो, बोंबलणं सोपं होतं! त्याला जे बोलायचं ते तो वस्तीत बोलून बसला आहे. न्यायाधीश हा त्याचा श्रोताच नाही. एका शरीरात हे दोन आवाज ठेवायचे आणि रागाचा लगाम कुठंच सुटू द्यायचा नाही, हे होता तसा उभा राहून जमत नाही. मराठी पडद्यानं आपला माणूस बहुतेक वेळा हात जोडलेला नाहीतर रडका दाखवला. साथीदारांनी तो बिनरडका, ताठ मानेचा दाखवला.

पण चित्रपटाचा हिशोबही मागितला पाहिजे. कॅमेरा बचावाच्या वकिलाबरोबर त्याच्या आईबापाच्या जेवणाच्या टेबलापर्यंत जातो. सरकारी वकीलबाईबरोबर तिच्या स्वयंपाकघरात जातो. न्यायाधीशाबरोबर सुटीच्या सहलीला जातो. कांबळे मात्र दिसतो तो शिकवणी घेताना, गाताना, आरोपी म्हणून. त्याच्या ताटात काय, त्याची वाट कोण पाहतं, हे कळत नाही. काही म्हणतील, व्यवस्थेला तो एवढाच दिसतो, हेच दाखवायचं होतं. असेल. तरी व्यवस्थेची नजर दाखवता दाखवता कॅमेऱ्यानंही तीच नजर घेतली, हे मी नोंदवून ठेवतो.

मयत कामगाराच्या बायकोची साक्ष उषा बाने यांनी दिली आहे. नवरा दगड टाकून पाहायचा, झुरळं वर आली तर खाली हवा आहे असं समजायचा. साधनं कधी मिळालीच नाहीत. हे ती सपाट आवाजात सांगते, आणि आत्महत्येचा सगळा बनाव कोसळतो. इथंही तेच कसब, रडणं टाळून पुरावा ठेवण्याचं. आणि हा पुरावा पडद्यापुरता नाही. १९९३ पासून गटारात मेलेल्यांच्या कुटुंबांना १० लाख द्या असं सर्वोच्च न्यायालयानं २०१४ मध्ये सांगितलं, २०२३ मध्ये ती रक्कम ३० लाख केली. म्हणजे २०१४ नंतरही माणसं गटारात उतरतच राहिली, मरतच राहिली.

वीरा साथीदार १३ एप्रिल २०२१ ला नागपुरात कोरोनानं गेले, भीमजयंतीच्या आदल्या दिवशी. व्हेनिस-ऑस्करनंतरही त्यांची ओळख कार्यकर्ता अशीच राहिली. म्हणून त्यांच्या फोटोला हार घालून थांबू नका. आपल्या जलशात, पथनाट्यात, अगदी तहसीलसमोरच्या भाषणातही आपण पहिल्या वाक्यापासून घसा फाडतो. 'कोर्ट' पुन्हा लावा आणि कांबळे कुठं गप्प बसतो तेवढंच पाहा. ती शिकायची गोष्ट आहे. ज्याला शिकावं लागतं, त्याला नैसर्गिक म्हणत नाहीत.