‘ही विनंती’ म्हणजे कोणती?

‘आत्ता’ या शब्दाला स्वतःचा असा काळ नसतो. बोलण्याचा प्रसंग तो पुरवतो. हीच गंमत आज आपण फ्लास्क या २०१० सालच्या पायथन फ्रेमवर्कमध्ये पाहू.

ब्राउझरकडून एचटीटीपी विनंती येते, आपलं फंक्शन तिला प्रतिसाद देतं. जँगोमध्ये ती विनंती फंक्शनच्या हाती पहिलं आर्ग्युमेंट म्हणून येते. फ्लास्कमध्ये ‘रिक्वेस्ट’ हे नाव फाइलच्या वरती इम्पोर्ट करायचं, की खाली कुठेही वापरा. एकाच वेळी अनेक विनंत्या आल्या तरी ज्याला त्याला आपापलीच मिळते. सोय मोठी, हे मान्यच.

पण आमचा आक्षेप असा की, फंक्शनची पहिली ओळ वाचून ते कशावर अवलंबून आहे, हे कळत नाही. विनंती नसताना तेच फंक्शन चालवून पाहा. ‘वर्किंग आउटसाइड ऑफ रिक्वेस्ट कॉन्टेक्स्ट’ म्हणून ते अडतं. शिकणारा गोंधळतो: नाव तर समोर दिसतंय! नाव आहे हो, पण त्याला अर्थ देणारा प्रसंगच नाही.

अवलंबित्व लपवलं म्हणून ते संपत नाही. जँगोत एक शब्द जास्त लिहावा लागतो. आम्ही तो आनंदाने लिहू.