थोटकांचा धूर आणि राहिलेले प्रायश्चित्त

महात्मा गांधींची 'आत्मकथा' १९२५ ते १९२९ या काळात 'नवजीवन' साप्ताहिकातून क्रमशः प्रसिद्ध झाली. १९२७ मध्ये प्रकृती ढासळल्यामुळे गांधीजी नंदी टेकडीवर व पुढे बंगळूर येथे विश्रांतीस होते. त्याच वर्षी या ग्रंथाचा पहिला खंड पुस्तकरूपाने बाहेर आला. पंचावन्नी ओलांडलेला लेखक 'चोरी आणि प्रायश्चित्त' या प्रकरणात आपल्या पहिल्या धूम्रपानाकडे वळून पाहतो. व्यसनमुक्तीची बोधकथा म्हणून हा प्रसंग वाचणे सोपे आहे. परंतु मूळ लेखन तसे वाचू देत नाही.

येथे ठसका नाही, घेरी नाही, तंबाखूची चवही नाही. विडीच्या वासाचे आकर्षण नव्हते, हे लेखक स्वच्छ सांगतो. मोह आहे तो तोंडातून धूर सोडण्याच्या कृतीचा. काकांनी टाकलेली थोटके वेचणारी मुले विडी ओढत नाहीत. ती मोठेपणाची नक्कल करतात. थोटके पुरेनाशी झाल्यावर नोकराच्या खिशातील पैशांना हात लागतो. पुढे वडीलधाऱ्यांच्या आज्ञेवाचून काहीच करता येत नाही, हे पारतंत्र्य असह्य होऊन मुले जीव देण्याच्या विचारापर्यंत जातात आणि धैर्य खचून परततात. विडीचा नाद तेथेच संपतो. म्हणजे या प्रसंगाचा खरा विषय तंबाखू नसून स्वातंत्र्याची अपक्व भूक हा आहे.

मात्र प्रकरणाच्या शीर्षकातील दुसरा शब्द या पूर्वार्धाला लागू पडत नाही. पंधराव्या वर्षी भावाच्या कड्यातून काढलेल्या सोन्याची चोरी लेखकाला अधिक गंभीर वाटते. तिची कबुली वडिलांना चिठ्ठीने दिली जाते आणि त्यांच्या अश्रूंनी ती पावन होते. नोकराच्या पैशांचे काय झाले, हे मात्र कथन सांगत नाही. त्याला नाव नाही, त्याच्यापुढे कबुली नाही. घरातल्या सोन्याहून गरिबाच्या खिशातील तांब्याची नाणी हलकी का ठरावीत, हा प्रश्न लेखक विचारीत नाही. पण तो विचारण्याची सामग्री स्वतःच वाचकाच्या हाती ठेवतो. लेखनातील प्रामाणिकपणाची ही खूण होय. जे फेडले गेले नाही, तेही त्याने झाकलेले नाही.